सुगंधा पुरे, आता अंजनीबाई दाखवा

'रंगरसिया' अजूनही मोबाईलवर बघितला जातो, म्हणून बोलायला हवं. आपल्याच जिल्ह्यातल्या कोवाडच्या रणजित देसाईंनी १९८४ मध्ये 'राजा रविवर्मा' कादंबरी लिहिली, तिच्यावर केतन मेहतांनी हा सिनेमा काढला. २००८ मध्ये तो लंडनच्या महोत्सवात दाखवला गेला, आपल्या थिएटरांत यायला २०१४ उजाडलं. सगळा वाद नग्न दृश्यांवर झाला.

माझं भांडण त्या दृश्यांशी नाही, सुगंधेच्या निष्ठेशी आहे. ती चित्रकारासमोर बसते, त्याच्यावर जीव टाकते, त्याच्यापायी सोसते. तो नसेल त्या दिवशी ती काय करते, हे मला सिनेमा पाहून कळलं नाही.

एक गोष्ट सिनेमानं बरोबर पकडलीय. ज्या बाईला लोक दारात उभं करणार नाहीत, तिचाच चेहरा देवी म्हणून पूजतील. इथे कोडोलीत कॅलेंडरवरची कमळातली लक्ष्मी बघा, ती रविवर्म्याच्या छापील लक्ष्मीचीच नात-पणती. पण मग त्या चेहऱ्यामागच्या बाईला स्वतःचं आयुष्य तरी द्या की!

तसं आयुष्य जगलेली बाई होती. गोव्याच्या अंजनीबाई मालपेकर, जन्म १८८३. रविवर्म्याच्या काही चित्रांची प्रेरणा त्या होत्या असं सांगतात. भेंडीबाजार घराण्याच्या नझीर खाँकडे त्या शिकल्या, मैफली गाजवल्या. १९५८ मध्ये त्यांना संगीत नाटक अकादमीची फेलोशिप मिळाली. कुमार गंधर्व आणि किशोरी आमोणकर त्यांच्याकडे शिकले. रविवर्मा १९०६ मध्ये गेला. अंजनीबाई १९७४ मध्ये. मधल्या अडुसष्ट वर्षांत काय सिनेमा कमी आहे?

"कादंबरी आहे, इतिहास नाही," असं कुणी म्हणेल. मान्य. पण कल्पनेला मोकळं रान असताना लेखक-दिग्दर्शकांना बाई दरवेळी झुरणारीच का सुचते? आणि निष्ठाच हवी तर सख्खा भाऊ राजराज वर्मा होता. तो रविवर्म्यासोबत फिरला, त्याच्याबरोबर चित्रं रंगवली, रोजनिशी लिहिली, १९०५ मध्ये त्याच्याआधी गेला. तो मात्र पडद्यावर मागेच राहतो. भावाच्या निष्ठेवर गाणं चित्रित होत नाही ना!

पुढचा कुणी रविवर्म्यावर सिनेमा काढणार असेल, तर पहिल्या दृश्यात अंजनीबाईंना तंबोरा लावताना दाखवा. चित्रकाराला बाहेर थांबू दे, रियाझ संपेपर्यंत.