बाई आमची, शायरी त्यांची

रातपाळीत लाईट गेली की आम्ही डाळमिलच्या पोत्यांवर बसून मोबाईलवर सिनेमा बघतो. परवा 'लोकशाहीर रामजोशी' बघितला. १९४७ चा, शांताराम-बाबूराव पेंटरांचा. पेशवाईतला सोलापूरचा बामण तमाशाच्या नादी लागला, घरच्यांनी बाहेर काढला. त्याच्या दुःखावर सगळा सिनेमा उभा. अरे, ढोलकीवाल्याला, नाचणारीला त्या घरात कुणी कवा घेतलंच नव्हतं, तर बाहेर काय काढणार? त्यांच्यावर सिनेमा कसा निघंल?

मला चावटपणाचं वावडं नाही. माळेगावच्या जत्रेत, खंडोबाच्या दारात मी लहानपणापासून तमाशा बघत आलोय. संतांची गौळण तिथं मावशी-पेंद्याच्या हाती सापडते, आणि मथुरेच्या वाटेवर दह्यादुधाच्या नावानं जे बोललं जातं ते आमच्या म्हाताऱ्या पदर तोंडाला लावून ऐकतात. हसतात. त्यात पाप कुणाला दिसत नाही. पाप दिसतं ते सिनेमावाल्याला.

'पिंजरा' घ्या, १९७२ चा. मूळ गोष्ट जर्मनीतली. इकडं आली अन् नाचणारी तमासगिरीण झाली. मास्तर सोन्यासारखा, बाई भेटली आणि नासला! सुपारी देणारा, पहिल्या रांगेत लोडाला टेकून दौलतजादा करणारा कधीच नासत नाही.

इटलीच्या पासोलिनीनं १९७१ ला बोकाच्चोच्या चौदाव्या शतकातल्या चावट गोष्टी पडद्यावर आणल्या. नागड्याउघड्या. पण नेपल्सच्या गल्लीतली गरीब माणसं त्यानं उभी केली. मागनं नकलांचा बाजार भरला, अंगाचा माल झाला, तवा १९७५ ला त्यानं आपल्याच तीन सिनेमांवर पाणी सोडलं. आपल्याकडं कुणी सोडलं? शृंगार विकायचा, आणि शेवटी बाईलाच बदफैली ठरवायचं, हा धंदा चालूच.

पट्ठे बापूराव म्हणजे कुलकर्णी. पवळा हिवरगावच्या महाराची लेक. लावण्या त्याच्या, पण गळा तिचा, कंबर तिची. तो शाहीर झाला, ती नाचीच राहिली. बापूरावानं तमाशाचा पैसा चळवळीला देऊ केला तवा बाबासाहेबांनी तो घेतला नाही. आमच्या बाया नाचवून आलेला पैसा होता तो. हा प्रसंग एकाही सिनेमात मला सापडला नाही. लिहिणाऱ्याला ठाऊक नसंल असं कोण म्हणंल?

लावणीवर पुढचा सिनेमा काढणाऱ्यानं एकदा माळेगावला यावं. खेळ सुटल्यावर, पहाटे. ट्रकच्या आडोशाला बाया तोंडावरचा रंग धुत असतात, पोरं घुंगरांच्या पेटीला टेकून झोपलेली असतात. कॅमेरा तिथं लाव म्हणावं.