लाल पेन आणि कॉन्व्हेंटेड मुलगी

आमच्या इमारतीत कोणाला इंग्रजीत चार ओळी लिहायच्या असल्या की कागद आधी माझ्याकडे येतो. सोसायटीची नोटीस, बँकेला अर्ज, नातवाच्या शाळेला चिठ्ठी, काहीही. कॉलेजात इंग्रजी शिकवून निवृत्त झाले, पण लाल पेन काही सुटलं नाही. गेल्या रविवारी तिसऱ्या मजल्यावरचे नाना आले ते नातीचा बायोडाटा घेऊन. वर गणपती, त्याखाली जन्मवेळ, रास, नाड, गण, मग उंची आणि पगार. ‘बाई, जरा नजर टाका. उद्या मंडळात द्यायचाय.’

नजर टाकली. स्पेलिंगच्या दोन चुका, एक स्वल्पविराम. आणि मुलीच्या वर्णनाची ओळ : फेअर, स्लिम, कॉन्व्हेंटेड, होमली. मी ‘कॉन्व्हेंटेड’वर आडवी रेघ मारली.

‘अहो, तो नका काढू!’ नाना चहाचा कप खाली ठेवत म्हणाले.

‘नाना, असा शब्द इंग्रजीत नाही.’

‘नसेल. पण फोन त्याच्यावरच येतात.’

यावर मला पटकन उत्तर सुचलं नाही. ज्या शब्दाचा अर्थ मुलाकडच्यांना कळतो, मुलीकडच्यांना कळतो, मध्यस्थाला कळतो आणि वाचून फोनही येतात, तो शब्द ‘नाही’ असं म्हणायचं कशाच्या जोरावर? नाना गेल्यावर मी कपाटातला जाडजूड कोश काढला आणि दुपारची झोप घालवली.

विलायतेतल्या माणसाने हा शब्द वाचला तर त्याची गंमतच होईल. त्याच्या लेखी कॉन्व्हेंट म्हणजे जोगिणींचा मठ. मठात घातलेल्या मुलीसाठी वर कसा काय शोधताहेत, असं त्याला वाटायचं. आपल्याकडे मात्र मठ मागे पडला आणि शाळा उरली. १८४२ मध्ये कोलकात्यात लोरेटोच्या आयर्लंडहून आलेल्या जोगिणींनी मुलींची शाळा काढली, त्याच वर्षी आग्र्यात ‘जीझस अँड मेरी’च्या जोगिणींनी. पुढे मुंबई-पुण्यापर्यंत अशा शाळा पसरल्या. तिथल्या सिस्टर मुलींना इंग्रजी शिकवत, शिवणकाम शिकवत, पियानो शिकवत, आणि पाय जुळवून कसं बसायचं तेही शिकवत. हळूहळू शब्द सिस्टरच्या हातून निसटला. आज जिथे कधी एकही जोगीण फिरकली नाही, मुख्याध्यापकांच्या खोलीत सत्यनारायण होतो, अशा शाळेच्या पाटीवरही ‘कॉन्व्हेंट’ असतं. विदर्भात तर बालवाडीच्या इंग्रजी अवतारालाच सर्रास कॉन्व्हेंट म्हणतात. ‘पोरगं यंदा कॉन्व्हेंटात टाकलं’ म्हणजे ते केजीत गेलं, एवढाच अर्थ.

लग्नाच्या जाहिरातीत या शब्दाला आणखी एक धार आली. पूर्वी छोट्या जाहिरातीला शब्दांवर पैसे पडत. ‘हिचं शिक्षण इंग्रजी माध्यमात झालं आहे, ही चारचौघांत इंग्रजी बोलू शकते, काट्या-चमच्याने जेवू शकते, तुमच्या साहेबांच्या पार्टीत तुमची मान खाली जाणार नाही’ हे सगळं छापायला कोणत्या कारकुनाला परवडणार होतं? ‘कॉन्व्हेंटेड’ म्हटलं की काम एका शब्दात झालं. इतकं सामान एका गाठोड्यात बांधणारा दुसरा शब्द मला तरी दाखवता येणार नाही. मात्र मुलाच्या वर्णनात तो मी क्वचितच पाहिला. मुलगा ‘वेल-सेटल्ड’ असतो. तो कुठल्या शाळेत बसला होता याची चौकशी कोणी करत नाही.

आता व्याकरणाकडे येऊ, कारण माझा आक्षेप व्याकरणाचा होता. निदान मी तसं समजत होते.

इंग्रजीत नामाला ‘एड’ची शेपटी लावून विशेषण करायची चाल जुनी आहे. दाढी असलेला तो ‘बिअर्डेड’, जमीनजुमला असलेला तो ‘लँडेड’. तरी दर पिढीत कोणीतरी या शेपटीवर खवळतंच. १७५५ मध्ये इंग्रजीचा मोठा कोश करणाऱ्या डॉ. सॅम्युएल जॉन्सन यांनी नंतर कवींची चरित्रं लिहिली. त्यात टॉमस ग्रे या कवीने वसंत ऋतूला लावलेल्या ‘हनीड’ म्हणजे ‘मधाळ’ या विशेषणावर त्यांनी नाराजी नोंदवली आहे. नामापासून केलेल्या विशेषणांना धातुसाधितांची शेपटी लावायची नवी टूम निघाली आहे, आणि ग्रेसारख्या विद्वानानेही तिला बळी पडावं याचं त्यांना वाईट वाटलं. कवी कोलरिज तर १८३२ मध्ये ‘टॅलेंटेड’ या शब्दावर तुटून पडला. वर्तमानपत्रांतला हा रानटी शब्द प्रतिष्ठित नियतकालिकांत शिरतो आहे, ही त्याची तक्रार. टॅलेंटला ही शेपटी चालते तर शिलिंग आणि फार्दिंग या नाण्यांनाही लावा की, असं त्याने सुनावलं. वर, असले शब्द बहुतेक अमेरिकेतून येतात, हेही सांगून टाकलं.

आज गल्लीतल्या नृत्यस्पर्धेतसुद्धा प्रत्येक मूल टॅलेंटेड असतं. कोलरिजचा संताप आता फक्त माझ्यासारख्यांना पाठ आहे.

आणि आपल्याला तरी या शेपटीचं नवल का वाटावं? पाणिनीने ‘इतच्’ नावाचा प्रत्यय सांगून ठेवला आहे. एखादी गोष्ट ज्याच्या ठायी उपजली आहे, त्याला त्या गोष्टीच्या नामापुढे ‘इत’ लावून ओळखायचं. तारका उगवलेलं आकाश तारकित, फुलं आलेली वेल पुष्पित, पालवी फुटलेलं झाड पल्लवित. आपला ‘पंडित’सुद्धा याच घरचा : पंडा म्हणजे बुद्धी, ती ज्याच्या ठायी उपजली तो पंडित. या हिशेबाने नानांच्या नातीला ‘कॉन्व्हेंटित’ म्हटलं तर शास्त्रीबुवांनी फार तर नाक मुरडलं असतं. रचना चुकली, असं त्यांना म्हणता आलं नसतं.

तरी एक गोष्ट कानाला खटकते. तारकित आकाशात तारका असतात, दाढीवाल्याला दाढी असते. कॉन्व्हेंटेड मुलीजवळ कॉन्व्हेंट नसतं. तिच्यावर कॉन्व्हेंटचा प्रयोग झालेला असतो. पितळेच्या पातेल्याला कल्हई होते, तसं. पातेलं होतंच, आता आत चकचकीत झालं, आंबट पदार्थ घातला तरी कळकणार नाही. ‘शिकलेली’ म्हटलं की शिकणं मुलीचं असतं. ‘कॉन्व्हेंटेड’मध्ये सगळी करणी शाळेची आणि पैसे भरणाऱ्या बापाची. मुलगी नुसती कर्म.

इथवर आल्यावर कोशातली पुढची नोंद दिसली आणि मी चष्मा पुसून परत वाचली. ‘कॉन्व्हेंटेड’ हा शब्द इंग्रजीत होता. अगदी शेक्सपिअरच्या काळी होता. ‘कॉन्व्हेंट’ हे तेव्हा क्रियापदही होतं. लॅटिनमध्ये ‘एकत्र येणे’ असा जो धातू आहे त्यातूनच मठाचा कॉन्व्हेंट आला, त्यातूनच कन्व्हेन्शन. क्रियापदाचा अर्थ होता, सभेपुढे किंवा न्यायाधिकाऱ्यांपुढे हजर व्हायला बोलावणं. म्हणजे कॉन्व्हेंटेड माणूस कोण, तर झाडाझडतीसाठी ज्याला बोलावणं गेलं आहे तो. ‘मेझर फॉर मेझर’मध्ये हा शब्द आहे. ‘आठवा हेन्री’ या नाटकात आर्चबिशप क्रॅनमरला दुसऱ्या दिवशी सकाळी राजाच्या मंत्रिमंडळापुढे उभं राहायचं आहे, तिथेही हाच शब्द आहे.

मंत्रिमंडळापुढे हजर व्हायला मला एकदा बोलावणं आलं होतं. साल १९८५. ठिकाण साताऱ्यातलं आमच्याच घरातलं माजघर.

मी मराठी शाळेतली. तेव्हा एबीसीडी पाचवीत सुरू व्हायची. एमएला इंग्रजी घेतलं होतं, ते हट्टाने. मुलाकडचे पाच जण आले होते. पोह्यांच्या बशा फिरल्या, नाव विचारून झालं, स्वयंपाक येतो का विचारून झालं. मग मुलाच्या मामांनी पिशवीतून इंग्रजी वर्तमानपत्र काढलं, अग्रलेखाचं पान वर येईल असं घडी घालून माझ्या हातात दिलं आणि म्हणाले, ‘वाच बघू बाळ, मोठ्याने.’ पानाला पिशवीतल्या मोसंब्यांचा वास येत होता. मी वाचलं. बरं वाचलं, असं मला वाटत होतं. तिसऱ्या परिच्छेदात कोणा लष्करी अधिकाऱ्याचा उल्लेख आला. तो हुद्दा मी तोपर्यंत पुस्तकात शंभरदा वाचला होता, कोणाच्या तोंडून ऐकला नव्हता. ‘कर्नल’ म्हणजे तोच, हे माझ्या गावीही नव्हतं. अक्षरं होती तशी मी ‘कोलोनेल’ म्हटलं.

मामा हसले नाहीत. त्यांनी मुलाच्या वडिलांकडे नुसतं पाहिलं. आठ दिवसांनी निरोप आला : मुलगी छान आहे, पण आम्हाला कॉन्व्हेंटेड हवी होती. निरोप्याने तो इंग्रजी शब्द जसाच्या तसा आणला होता. दादा आईला म्हणाले, ‘म्हणजे काय गं?’ आईने हात झटकले आणि बशा विसळायला घेतल्या.

तेव्हा रविवारी मी जी आडवी रेघ मारली ती कोणाच्या नावाने मारली, हे आता सांगायला हरकत नाही. व्याकरणाचा तिथे फारसा संबंध नव्हता. इतक्या वर्षांत ‘प्रीपोन’ मी सोडून दिलं आहे, ‘फॉरेन रिटर्न्ड’ सोडून दिलं आहे, विद्यार्थ्यांचं ‘माय गुड नेम’सुद्धा हसून सोडून दिलं आहे. हाच एक शब्द दिसला की पेन आपोआप खाली टेकतं. शुद्धलेखनाच्या नावाखाली आपण कधीकधी जुनी उधारी वसूल करत असतो, आणि वहीवाल्या पोराला वाटतं की चूक त्याची आहे.

शेक्सपिअरने हे क्रियापद आणखी एका ठिकाणी घातलं आहे. ‘ट्वेल्फ्थ नाइट’च्या अगदी शेवटी ड्यूक ऑर्सिनो व्हायोलाशी लग्न करायचं ठरवतो आणि म्हणतो की, सोन्यासारखी वेळ जुळून आली की लग्न लावू. तिथे हेच ‘कॉन्व्हेंट’ आहे, पण बोलावणारे मामा नाहीत, वेळ आहे. ते वाचून मी जरा निवले. ठरवलं, संध्याकाळी नानांना फोन करून सांगू की शब्द ठेवा, त्याला चारशे वर्षांची परंपरा आहे.

फोन करायच्या आधीच बेल वाजली. नानांची नात कागद न्यायला आली होती. सव्वीस वर्षांची, एका सॉफ्टवेअर कंपनीत आहे, रात्री उशिरापर्यंत अमेरिकेतल्या लोकांशी बोलत असते. दारातच उभ्या उभ्या तिने कागद वाचला. मी सगळं सांगायला सुरुवात केली : पाणिनी, कोलरिज, क्रॅनमर. तिने शांतपणे ऐकून घेतलं. खरंच ऐकलं, मध्ये एकदाही मोबाइल पाहिला नाही. मग खोडलेल्या शब्दाच्या पुढच्या शब्दावर बोट ठेवलं.

‘काकू, कॉन्व्हेंटेड खोडलंत. आणि होमली ठेवलंत?’

‘अगं, तो शब्द बरोबर आहे,’ मी म्हणाले.

‘बरोबर आहे, पण माझ्या टीममधल्या कोणी वाचला तर म्हणतील, मुलगी दिसायला यथातथाच.’ हे मला ठाऊक होतं. अमेरिकेत ‘होमली’चा अर्थ तोच होतो, हे मी दरवर्षी वर्गात सांगत असे. ती पुढे म्हणाली, ‘आणि आजोबांना जे म्हणायचंय ते तर त्याहून वाईट. इंग्रजी येतं, पण घाबरू नका, घर सोडून कुठे जाणार नाही.’

मी पुन्हा ती ओळ पाहिली. इतक्या वर्षांच्या सवयीने डोळे चूक शोधत होते, आणि ‘होमली’त चूक नव्हती. स्पेलिंग बरोबर, विशेषण बरोबर, जागा बरोबर. म्हणून पेन त्याच्यावरून सरळ पुढे गेलं होतं.

‘दे इकडे,’ म्हटलं आणि पेन उचललं. तिने कागद दिला नाही, पेन मागून घेतलं. दाराच्या चौकटीवर कागद टेकवून तिने ‘होमली’ खोडलं, मग ‘फेअर’, मग ‘स्लिम’. ओळ संपली. खाली उरले पगार आणि फोन नंबर. नंबरही तिने खोडला, कारण तो नानांचा होता, आणि शेजारी स्वतःचा लिहिला.

पेन अजून तिच्याकडेच आहे.