अटक पुरावा पाहून व्हावी, वस्ती पाहून नव्हे : बोरीकरांना जाहीर आवाहन



परभणी रेल्वे स्थानकासमोरील बाबासाहेबांच्या पुतळ्याजवळच्या संविधानाच्या प्रतिकृतीची १० डिसेंबर २०२४ रोजी विटंबना झाली. दुसऱ्या दिवशीच्या बंदला हिंसक वळण लागले. मग शहरातील दलित वस्त्यांत धरपकड झाली आणि घरांत शिरून मारहाण केल्याच्या तक्रारी पुढे आल्या. पकडलेल्यांपैकी सोमनाथ सूर्यवंशी हा वडार समाजातला, कायद्याचे शिक्षण घेणारा तरुण १५ डिसेंबरला न्यायालयीन कोठडीत मरण पावला. अनेक जखमांमुळे बसलेल्या धक्क्याने मृत्यू, असे शवविच्छेदनात नोंदले गेले. तरीही साधा गुन्हा नोंदवायला उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाला जुलै २०२५ मध्ये आदेश द्यावा लागला. त्याविरुद्ध राज्य सरकार सर्वोच्च न्यायालयात गेले, तिथेही त्याची याचिका फेटाळली गेली. याच परभणीचा अभियंता ख्वाजा युनूस मुंबईतील घाटकोपर बॉम्बस्फोटाच्या संशयावरून डिसेंबर २००२ मध्ये पकडला गेला, तो घरी परतलाच नाही. तो पळून गेला, असे पोलीस म्हणाले. तो कोठडीतच मेला, असे सीआयडीच्या तपासात निघाले.

बावीस वर्षांच्या अंतराने परभणीशी नाते असलेले दोन तरुण, एक मुस्लिम आणि एक विमुक्त जातीतला. याला नुसता योगायोग म्हणून सोडून देता येत नाही. १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याने अख्ख्या जमातींवर जन्मापासूनच शिक्का मारला. तो कायदा १९५२ मध्ये गेला, पण चोरी झाली की आधी पारध्यांच्या पालावर जायचे, ही सवय गेली नाही. ‘कॉमन कॉज’ आणि लोकनीती या संस्थांच्या २०१९ च्या पाहणीत जवळपास निम्म्या पोलिसांना मुस्लिम स्वभावतःच गुन्ह्याकडे वळतात, असे कमी-अधिक प्रमाणात वाटत होते. देशातल्या तुरुंगांत दर चार कैद्यांमागे सुमारे तिघे कच्चे कैदी आहेत, म्हणजे त्यांचा गुन्हा सिद्ध झालेला नाही. त्यांत अनुसूचित जाती आणि मुस्लिम यांचा वाटा त्यांच्या लोकसंख्येच्या प्रमाणाहून जास्त आहे.

‘त्या वस्त्यांत गुन्हेच जास्त होतात,’ असे उत्तर यावर मिळते. पण ज्या दारात झडती आधी, त्याच दाराच्या नोंदी वाढतात आणि पुढची झडती त्याच नोंदींवर बेतली जाते. ‘बंदमध्ये दगडफेक झाली, मग पोलिसांनी काय हातावर हात धरून बसायचे?’ असेही विचारले जाते. दगड मारणाऱ्याला अटक जरूर व्हावी, पण त्याचा हात ओळखून. त्याच्या गल्लीतल्या प्रत्येकाला धरून नव्हे. पोलीस आपल्याच गावांतली मुले आहेत, अपुऱ्या मनुष्यबळावर राबतात, हेही खरे. म्हणूनच हे आवाहन कोणा शिपायाविरुद्ध नाही. नियमाने वागणाऱ्या पोलिसाला नियमाचा आधारच होतो, आणि लोकांचा विश्वास असला तर खरा गुन्हेगार सापडायलाही मदत होते.

आरोपीची खरी परीक्षा पहिल्या चोवीस तासांत असते. नव्या नागरिक सुरक्षा संहितेनुसार अटकेचे कारण सांगणे, नातेवाइकांना कळवणे, वैद्यकीय तपासणी करणे आणि प्रवासाचा वेळ वगळून चोवीस तासांत न्यायदंडाधिकाऱ्यांपुढे हजर करणे बंधनकारक आहे. सात वर्षांपर्यंत शिक्षेच्या गुन्ह्यांत एरवी आधी नोटीस द्यावी लागते. विमुक्त जातींच्या लोकांना मनमानी अटक होऊ नये, असे सर्वोच्च न्यायालयाने ऑक्टोबर २०२४ मध्ये पोलिसांना बजावले आहे. हे सारे कागदावर आहे. ते ठाण्यात उतरते की नाही, हे पाहणे आपले काम आहे.

तेव्हा गावातला कोणीही उचलला गेला, तर त्याची जात न विचारता दोघा-चौघांनी बोरी पोलीस ठाण्यात जाऊन शांतपणे अटकेचे कारण विचारावे. कोठडीतल्या प्रत्येकाला मोफत वकील मिळतो. त्यासाठी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाला लगेच कळवावे. मारहाण झाली असेल तर न्यायदंडाधिकाऱ्यांपुढे ती सांगण्याचा धीर आरोपीला द्यावा. ठाण्यातले सीसीटीव्ही चालू राहावेत, असा ठराव येत्या ग्रामसभेत करावा. शांतता समितीत पारधी, वडार, बौद्ध आणि मुस्लिम वस्त्यांतली माणसे घ्यावीत, केवळ सणापुरती नव्हे, तर वर्षभर. ज्यांच्या दारात पोलीस कधी आले नाहीत, त्यांनी या कामात सर्वांत पुढे यावे.