गुंड्याभाऊंचे दप्तर

बाळ कर्वे 28 ऑगस्ट 2025 रोजी, वयाची 95 वर्षे पूर्ण होऊन तीनच दिवस झाले असता, निवर्तले, तेव्हा गावोगाव वार्ता पसरली ती 'गुंड्याभाऊ गेले' अशीच. आणि इतकी दीर्घ हयात रंगभूमीच्या सेवेत घालविलेल्या नटाला एकाच भूमिकेच्या खुंटीला टांगून ठेवणे हा त्याच्यावर अन्याय आहे, असा सूर काही रसिकांनी लगोलग लावला. प्रस्तुत लेखकास तो सूर मान्य नाही. 'रथचक्र', 'सूर्याची पिल्ले', 'कुसुम मनोहर लेले' ही नाटके कर्व्यांच्या खाती जमा आहेतच. परंतु चरित्रनटाच्या नावाचा लोप होऊन त्याचे पात्र घरोघरचे आप्त होऊन बसावे, यापरती मोठी सनद त्याला कोणता दरबार देणार होता?

शिवाय ती भूमिका कोरी नव्हती. चिं. वि. जोशी हे जन्माने पुण्याचे, व्यासंगाने पाली भाषेचे पंडित आणि नोकरीने बडोदे संस्थानच्या दप्तराचे अधिकारी. कागदपत्रांच्या रुक्ष सहवासात राहणाऱ्या या गृहस्थाने मराठी मध्यमवर्गाला चिमणराव आणि गुंड्याभाऊ ही जोडी बहाल केली. मास्टर विनायकांनी 1940 साली 'लग्न पहावं करून' या चित्रपटात ती पडद्यावर आणली, तेव्हा दामुअण्णा मालवणकर चिमणराव आणि विष्णुपंत जोग गुंड्याभाऊ झाले होते. एका पिढीने ज्या पात्राला चेहरा देऊन टाकला, त्याला दुसरा चेहरा द्यावयाचा, हे काम नवी भूमिका उभी करण्याहून बिकट असते.

1977च्या सुमारास मुंबई दूरदर्शनवर विजया धुमाळे यांच्या निर्मितीत 'चिमणराव' सुरू झाले. वरळीच्या केंद्रातले ते कृष्णधवल चित्र सिंहगडावरच्या मनोऱ्यावरून पुण्यात उतरे, आणि वाड्यात ज्या बिऱ्हाडी दूरदर्शन संच असे त्या बिऱ्हाडाची ओसरी त्या संध्याकाळी सार्वजनिक मालमत्ता होई. दिलीप प्रभावळकरांचा चिमणराव किरकोळ अंगाचा, चाचरत बोलणारा, प्रत्येक वाक्यागणिक धीर गोळा करणारा. त्याच्या शेजारी कर्व्यांचा गुंड्याभाऊ भरदार, मिशाळ, आवाजाचा खणखणीत. चिमणरावाची त्रेधा उडाली की सगळ्या नजरा प्रभावळकरांकडे लागत, आणि नेमक्या त्याच वेळी कर्वे काय करीत हे पाहणाऱ्यालाच त्यांची करामत कळे: ते काहीच करीत नसत. एखाद्या कज्ज्यात साक्ष देण्यास आलेल्या इसमाच्या गांभीर्याने ते उभे राहत. आपल्याला लोक हसत आहेत याचा सुगावा गुंड्याभाऊला कधी लागला नाही, म्हणून लोक हसत राहिले. हल्लीच्या विनोदी कार्यक्रमांत प्रत्येक वाक्यानंतर प्रेक्षकांकडे हास्याची वसुली करण्यास निघणाऱ्या नटांनी ही निश्चलता अभ्यासावी, अशी विनंती करण्याचा मोह होतो, पण असो.

आणखी एक गोष्ट ध्यानी घेण्याजोगी आहे. कर्वे हे मुंबई महानगरपालिकेत अभियंता होते. हजेरीपट, रजेचे अर्ज आणि वरिष्ठांची मर्जी सांभाळून त्यांनी तालमी केल्या. पोटाची तजवीज अन्यत्र असल्यामुळेच, केवळ मागणी आहे म्हणून त्याच त्या गुंड्याभाऊची पुनरावृत्ती करीत फिरण्याची सक्ती त्यांच्यावर नव्हती, असे माझे अनुमान आहे. पन्नाशीकडे झुकल्यावर लाभलेली कीर्ती त्यांच्या डोक्यात गेली नाही, याचेही श्रेय थोडेबहुत त्या हजेरीपटाला द्यावे लागेल.

एकाच भूमिकेच्या नावाने ओळखले गेलेले नट इंग्लंडातही पुष्कळ झाले. बीबीसीच्या 'डॅड्स आर्मी' या 1968 ते 1977 पर्यंत चाललेल्या मालिकेत क्लाइव्ह डन या अठ्ठेचाळीस वर्षांच्या नटाने म्हातारा कॉर्पोरल जोन्स असा काही वठविला, की पुढे तो साहेबांच्या मुलखात जोन्स म्हणूनच ओळखला गेला. पण त्या मालिकेची दुसरी हकीकत आपल्याला अधिक लागू आहे. जुन्या फिती पुसून पुन्हा वापरण्याच्या तत्कालीन शिरस्त्यामुळे तिचे काही भाग नाहीसे झाले. त्यांतले दोन 2001 साली हाती लागले, तीन अद्याप बेपत्ता आहेत. ती हळहळ तिथे आजही जाहीरपणे व्यक्त होते, आणि कोणत्या भागांचे काय झाले याचा हिशेब लोकांपुढे आहे; 'चिमणराव'च्या भागांचा तसा हिशेब मात्र आपल्यापुढे नाही.

आपल्या पुण्यात लॉ कॉलेज रस्त्यावर 1964 सालापासून राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे; चित्रपटाला जे पालकत्व मिळाले ते दूरदर्शनच्या मराठी मालिकांनाही मिळावयास हवे होते. संस्थानी दप्तर सांभाळणाऱ्या लेखकाची पात्रे दप्तराच्या हयगयीने नष्ट व्हावीत, हा विनोद खुद्द चिं. विं.नाही रुचला नसता. तेव्हा मुंबई दूरदर्शनने 'चिमणराव'चे जे भाग शिल्लक असतील त्यांची यादी, जे नसतील त्यांच्या उल्लेखासह, प्रसिद्ध करावी. आणि ज्या वाचकांच्या माळ्यावर जुन्या व्हिडिओ कॅसेटींची पेटी पडून असेल त्यांनी ती रद्दीत घालण्यापूर्वी एकवार उघडून पाहावी.

— पेठकर