विश्लेषण : हेवी मेटल मराठीत का रुजले नाही?

ढाक्यातील ‘वॉरफेझ’ या बँडने १९९१ मध्ये बंगालीत हेवी मेटलचा अल्बम काढला. मुंबईतही मेटलचे चाहते कमी नाहीत. तरीही मराठी मेटल नाव घेण्याजोगे रुजले नाही. असे का?

मुंबईचा प्रवास कसा झाला?

साहिल मखिजा यांनी २००० मध्ये मुंबईत ‘डेमॉनिक रेझरेक्शन’ सुरू केला. ‘अ डार्कनेस डिसेंड्स’ (२००५) ते ‘द रिटर्न टू डार्कनेस’ (२०१०) या काळात बँड अंधार आणि राक्षसांच्या कल्पनाविश्वात रमला. पुढे ‘द डीमन किंग’ (२०१४) आणि २०१७ मध्ये ‘दशावतार’ आला. मत्स्यापासून कल्कीपर्यंत प्रत्येक अवताराचे एक गाणे. विषय आपला, सोबतीला सतार-तबला. शब्द मात्र मुख्यतः इंग्रजीच.

वॉरफेझने वेगळे काय केले?

१९८४ मध्ये स्थापन झालेला हा बँडही आधी पाश्चात्त्य गाणीच वाजवत असे. पहिल्या अल्बमपासून मात्र त्याने बंगाली धरली. ‘अबाक भालोबाशा’च्या (१९९४) शीर्षकगीताने मेटल बँड हळुवारही गाऊ शकतो हे दाखवले. त्यानंतर ‘ओशामाजिक’ (१९९८), ‘आलो’ (२०००), ‘महाराज’ (२००३) असे करत बँड ‘शोत्तो’पर्यंत (२०१२) पोहोचला. गायक बदलले, भाषा बदलली नाही.

मराठीत अडले कुठे?

भाषेत नक्कीच नाही. पोवाड्याचा आवेश पेलणाऱ्या मराठीला गिटारचा गोंगाट जड जाण्याचे कारण नाही. अडचण बाजाराची आहे. मुंबईच्या बँडला बंगळूरु, शिलाँग आणि परदेशातला श्रोता हवा असतो; त्यांना जोडणारी भाषा इंग्रजी. ढाक्याच्या बँडसमोर मात्र एकाच भाषेचा अख्खा देश होता.

मग करायचे काय?

पेण-रोह्याच्या मुलांना जोरकस ताल नवा नाही. खालूबाजा आणि बेंजो ऐकतच ती वाढतात. पण रोह्याच्या एखाद्या मुलाला आपला संताप गिटारवर मांडायचा असेल, तर आधी इंग्रजीची परीक्षा द्यावी लागते, हे खटकणारे आहे. महाविद्यालयांच्या रॉक स्पर्धांनी स्वरचित मराठी गाण्यांना जागा द्यावी, गणेशोत्सव मंडळांनी एक संध्याकाळ अशा बँडना द्यावी. पहिली गाणी कच्ची असतील. पण ऐकणारेच नसतील, तर दुसरा अल्बम निघणार कसा?