विकत घेतलेला गेम आणि दारावरचे दोन पहारेकरी

गेल्या महिन्यात आमच्या धाकट्या बहिणीच्या मुलाचा फोन आला. "मामा, कॉम्प्युटर फॉरमॅट मारायचाय, पाचशे रुपये लागतील." बिघडले काय, असे आम्ही विचारले, तेव्हा कळले की कॉम्प्युटर बिघडलेलाच नाही. त्याने सवलतीच्या दिवसांत आठशे रुपयांना एक गेम विकत घेतला होता. बटण दाबले की एक खिडकी उघडते, मग तिच्या पोटातून दुसरी उघडते, ती दुसरी पासवर्ड मागते, पासवर्ड दिला की दोन्ही खिडक्या गायब! ना गेम, ना चुकीचा संदेश. कोपऱ्यावरच्या दुकानातल्या मुलाने दोन मिनिटे पाहिले आणि निकाल दिला, विंडोज खराब झाली, फॉरमॅट मारा.

या सदरात गेमचा विषय पाहून काही वाचकांच्या कपाळावर आठ्या पडतील, याची आम्हाला कल्पना आहे. पोरे आधीच अभ्यास सोडून खेळतात, तुम्ही त्यांना आणखी वाट कशाला दाखवता, असेही विचारले जाईल. आमचे म्हणणे एवढेच की, पोराने शिकवण्या घेऊन मिळवलेल्या पैशांतून, चोरीची प्रत न घेता, रीतसर विकत घेतलेली वस्तू चालत नसेल तर तो प्रश्न खेळाचा राहत नाही, हक्काचा होतो. शिवाय त्या आठशे रुपयांच्या वस्तूपायी काय पुसले जाणार होते, हेही पाहा. डिप्लोमाचा प्रोजेक्ट, शिष्यवृत्तीचे अर्ज, जातवैधता प्रमाणपत्राची स्कॅन आणि आजीचे शेवटच्या वर्षातले फोटो. सगळे डेस्कटॉपवर, दुसरी प्रत कुठेही नाही. त्या वैधतेसाठी या कुटुंबाने किती चकरा मारल्या, ते आम्ही डोळ्यांनी पाहिले आहे.

आम्ही त्याला सांगितले, कशाला हात लावू नकोस, रविवारी येतो.

आता मुळात ही भानगड काय आहे ते समजून घेतले पाहिजे. कॉम्प्युटरवरचा विकतचा गेम आज बहुतेक वेळा थेट सुरू होत नाही. ज्या दुकानातून तो घेतला त्या दुकानाचा एक प्रोग्राम आपल्या कॉम्प्युटरवर बसलेला असतो. तो आपली ओळख विचारतो, पैसे भरलेत की नाही हे कंपनीच्या सर्व्हरला विचारतो, नवी दुरुस्ती आली असेल तर उतरवून घेतो आणि मगच गेमला सोडतो. यालाच लाँचर म्हणतात. व्हॉल्व्ह या अमेरिकन कंपनीने २००३ साली स्टीम आणले. २००४ च्या नोव्हेंबरात 'हाफ-लाइफ २' हा गेम आला, तेव्हा दुकानातून डिस्क विकत आणणाऱ्यालाही स्टीमचे खाते उघडल्याशिवाय तो खेळता आला नाही. लोकांनी तेव्हा बोंब मारली, पुढे सवय झाली.

एकाचे दुकान चालले म्हटल्यावर बाकीच्यांनीही आपापली दुकाने थाटली. युबिसॉफ्टने यूप्ले काढले, २०२० साली त्याचे युबिसॉफ्ट कनेक्ट केले. ईए कंपनीने २०११ साली ओरिजिन काढले, २०२२ मध्ये त्याच्या जागी ईए ॲप आणले आणि एप्रिल २०२५ मध्ये ओरिजिनला टाळे लावले. रॉकस्टारने २०१९ च्या सप्टेंबरात स्वतःचा लाँचर आणला. इथपर्यंत तक्रार नाही. ज्याचे दुकान, त्याचे कुलूप. परंतु गिऱ्हाईक स्टीमच्या दुकानातून हलेना. तेव्हा या कंपन्यांनी आपला माल स्टीमवरही विकायला ठेवला आणि स्वतःचे कुलूप मात्र काढले नाही! परिणाम असा की, स्टीमवर पैसे भरले तरी गेम सुरू करताना आधी स्टीम उघडते, ते दुसऱ्या कंपनीच्या लाँचरला हाक मारते आणि तो लाँचर पुन्हा पहिल्यापासून विचारतो, तू कोण? एका दाराला दोन पहारेकरी, दोघांचे मालक वेगळे, दोघांच्या वह्या वेगळ्या. त्यांचे आपसात जमले नाही तर दोघेही गिऱ्हाइकाला काही न सांगता आत निघून जातात.

रविवारी आम्ही बहिणीकडे गेलो. आम्ही काही इंजिनिअर नव्हे. कार्यालयात कॉम्प्युटर आले तेव्हापासून त्यांच्याशी झटापट करत आलो, एवढाच आमचा अधिकार. सर्वांत आधी डेस्कटॉपवरची कागदपत्रे पेन ड्राइव्हवर उतरवून घेतली. मग कंट्रोल, शिफ्ट आणि एस्केप ही तीन बटणे एकदम दाबून टास्क मॅनेजर उघडला. पाहतो तर दुसऱ्या लाँचरचे तीन-चार तुकडे आतल्या आत चालूच होते. आठवडाभर फसलेल्या प्रयत्नांची ती भुतेच म्हणायची. दिसायला खिडकी बंद, आत प्रोग्राम जिवंत. नवी हाक आली की जुनाच ओ देतो आणि पुढे काही करत नाही. ते सगळे बंद केले आणि कॉम्प्युटर रीस्टार्ट केला. विंडोज १० आणि ११ मध्ये नुसता शट डाउन पुष्कळदा अर्धवट असतो, लवकर उठता यावे म्हणून विंडोज काही भाग साठवून ठेवते. म्हणून अशा वेळी रीस्टार्टच करावा.

तरी गेम चालेना. मग आम्ही स्टीमला बाजूला ठेवून दुसरा लाँचर एकटाच उघडला. खरी गोम इथे सापडली. तो भाच्याच्या नावाने उघडलाच नाही, त्याच्या मित्राच्या खात्याने उघडला. मित्राने गेल्या वर्षी आपला एक गेम दाखवायला खाते उघडले आणि बंद करायचे राहून गेले. म्हणजे पावती एकाच्या नावावर आणि दारावर उभा दुसराच. इथे वाचकांनी विशेष सावध राहावे. पुष्कळ कंपन्या एकदा गेम ज्या खात्याला जोडला गेला त्याच खात्याला कायमचा चिकटवतात, आणि ही गाठ ग्राहकाला स्वतःला सोडवता येत नाही, कंपनीच्या मदत कक्षाचे पाय धरावे लागतात. सुदैवाने आमच्या भाच्याचे तिथवर गेले नव्हते. मित्राचे खाते बाहेर काढले, त्याचे स्वतःचे खाते उघडले.

आता संदेश बदलला, गेम सुरू होतो असे वाटले, आणि पुन्हा सगळे गायब. बहीण स्वयंपाकघरातून म्हणाली, "दादा, जाऊ दे ना, पाचशेच तर द्यायचेत." आम्हालाही क्षणभर तसेच वाटले.

शेवटचे कारण अगदी क्षुल्लक निघाले. स्टीमच्या चिन्हावर उजवे बटण दाबून प्रॉपर्टीजमध्ये कंपॅटिबिलिटीच्या पानावर गेलो, तर तिथे ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून चालवण्याच्या चौकटीत खूण केलेली. मागे कधीतरी दुसऱ्याच कशासाठी तरी त्याच दुकानात कॉम्प्युटर गेला होता, तेव्हा केलेली असावी. म्हणजे पहिला लाँचर साहेबाच्या अधिकाराने चालत होता आणि दुसरा साध्या वापरकर्त्याच्या. विंडोज अशा दोन दर्जांच्या प्रोग्रामांना एकमेकांशी मोकळेपणी बोलू देत नाही, आणि सुरक्षेच्या दृष्टीने ते योग्यही आहे. ती खूण काढली, रीस्टार्ट केला, आणि पाच मिनिटांत गेम सुरू झाला. फॉरमॅट मारला असता तर हे सगळे गेले असते खरे, त्याबरोबर आजीचे फोटोही गेले असते.

दुकानातल्या मुलाला आम्ही दोष देत नाही. त्याच्या टेबलावर दिवसाला पंधरा कॉम्प्युटर येतात आणि फॉरमॅट हा एकच उपाय असा आहे की जो तासाभरात हमखास लागू पडतो.

सर्वांचेच कारण एक नसते. गेमवर तरंगणाऱ्या पट्ट्या, ज्यांना ओव्हरले म्हणतात, त्या स्टीमच्या वेगळ्या, दुसऱ्या लाँचरच्या वेगळ्या, डिस्कॉर्डच्या वेगळ्या. तिघे एकाच पडद्यावर चढू पाहतात आणि गेम कोसळतो. त्या एकेक करून बंद करून पाहाव्यात. स्टीममध्ये गेमच्या प्रॉपर्टीजमध्ये फायलींची तपासणी करण्याची सोय आहे, ती फक्त बिघडलेल्या फायली पुन्हा आणते, सगळा गेम नव्हे. महिन्याच्या डेटावर भागवणाऱ्यांनी हे लक्षात ठेवावे. त्यानेही भागले नाही तर दुसरा लाँचर तेवढा काढून, कंपनीच्या अधिकृत ठिकाणावरून नवा आणून बसवावा. मात्र त्याआधी आपली खेळातली प्रगती कुठे साठवली आहे ते पाहून तिची प्रत काढावी. अँटिव्हायरस लाँचरला अडवत असेल तर त्या एका प्रोग्रामपुरती सवलत द्यावी, अँटिव्हायरसच बंद करून टाकू नये. आणि आपल्याकडे जुना, सेकंड हॅन्ड कॉम्प्युटर घेणारे पुष्कळ आहेत, त्यांनी सर्वांत आधी घड्याळ पाहावे! मदरबोर्डवरचा बटणाएवढा सेल संपला की तारीख मागे जाते, आणि तारीख चुकली की सर्व्हरशी होणारी सुरक्षित जोडणी नाकारली जाते. दोन्ही लाँचर रुसून बसतात. तो सेल किरकोळ किमतीत मिळतो.

इतके सगळे सांगितल्यावर कोणी म्हणेल, मग चूक वापरणाऱ्याचीच ना? नाही. इथेच आमचा खरा आक्षेप आहे. २०१० च्या मार्चमध्ये युबिसॉफ्टचे सर्व्हर बसले, तेव्हा 'ॲसॅसिन्स क्रीड २' विकत घेतलेल्यांना एकट्याने खेळण्याचा गेमही सुरू करता आला नाही. २०१९ च्या नोव्हेंबरात 'रेड डेड रिडेम्प्शन २' कॉम्प्युटरवर आला, तेव्हा अनेकांचा गेम लाँचरच्या पुढे सरकलाच नाही. ग्राहकांना ड्रायव्हर तपासा, अँटिव्हायरस तपासा असे सांगण्यात आले. २०२१ च्या नोव्हेंबरात तर रॉकस्टारचा लाँचर एक दिवसाहून अधिक काळ बंद होता, आणि ज्यांचा नव्या गेमशी काही संबंध नव्हता त्यांचेही जुने गेम कुलूपबंद झाले. टू-के कंपनीने २०२२ साली 'बायोशॉक'सारख्या कित्येक वर्षे सुरळीत चालणाऱ्या गेमपुढे नवा लाँचर आणून बसवला, तक्रारींचा पाऊस पडला, आणि २०२४ च्या अखेरीस तो काढून टाकण्याचा निर्णय घ्यावा लागला. या चारही वेळी ग्राहकाने कोणती चूक केली होती? दोन लाँचर ही तांत्रिक गरज नाही, दोन व्यापाऱ्यांची गिऱ्हाइकाच्या नोंदवहीवरून चाललेली ओढाताण आहे. विना लाँचर गेम विकता येतो, हे पोलंडमधील सीडी प्रोजेक्टने सुरू केलेल्या जीओजी या दुकानाने २००८ पासून दाखवून दिले आहे. तिथे गेमची फाइल उतरवून घ्या, पेन ड्राइव्हवर ठेवा, कोणालाही न विचारता बसवा. आणि चोरीची प्रत वापरणाऱ्यालाही पहारेकरी आडवा येत नाही. जो पैसे मोजतो त्याचीच झडती, हा न्याय आम्हाला समजत नाही.

म्हणून पैसे भरण्यापूर्वी गेमच्या पानावर दुसऱ्या कंपनीचे खाते लागेल अशी सूचना आहे का, ते वाचावे; स्टीमवर ती उजव्या बाजूला असते. गेम चालला नाही तर स्टीम चौदा दिवसांच्या आत आणि दोन तासांपेक्षा कमी खेळला असेल तर पैसे परत करते. पण गंमत पाहा, अडकलेला लाँचर उघडा राहिला तरी खेळाच्या वेळेचे घड्याळ चालूच राहते. दुरुस्तीच्या नादात दोन तास निघून जातात आणि हक्कही जातो. तेव्हा दुरुस्ती करताना खिडक्या बंद ठेवाव्यात आणि तासाभरात जमले नाही तर सरळ परताव्याचा अर्ज करावा.

तोही नाकारला तर? २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्यात ई-कॉमर्सच्या व्याख्येतच डिजिटल वस्तू धरल्या आहेत. २०२० च्या ई-कॉमर्स नियमांनुसार तक्रार निवारण अधिकाऱ्याने ४८ तासांत पोच आणि एका महिन्यात निवारण दिले पाहिजे, आणि भारतात पद्धतशीर माल विकणाऱ्या परदेशी कंपनीलाही हे लागू आहे. ग्राहक हेल्पलाइनचा क्रमांक १९१५. जिल्हा आयोगाकडे आपण राहतो त्याच जिल्ह्यात जाता येते, आणि पाच लाखांपर्यंतच्या व्यवहाराला शुल्क नाही. आठशे रुपयांसाठी कोण आयोगात जाणार, हे आम्हालाही कळते. कंपन्यांनाही ते कळते.

परवा भाच्याचा पुन्हा फोन आला. गल्लीतल्या एका मुलाचा गेम असाच अडकला होता, याने टास्क मॅनेजर उघडून पंधरा मिनिटांत सोडवला. मग हौसेने तो कोपऱ्यावरच्या दुकानात जाऊन त्या मुलालाही सगळे समजावून आला. त्याने शांतपणे ऐकून घेतले आणि विचारले, "ते ठीक आहे रे, पण मग माझे पाचशे कोण देणार?"