बासरी, फटाके आणि मुके श्रोते

दिवाळी जवळ आली की नागपुरातल्या श्वानप्रेमी घरांत एक सल्ला फिरू लागतो : फटाक्यांच्या वेळी दारे-खिडक्या लावून घ्या आणि बासरी किंवा संतूर चालू ठेवा, म्हणजे कुत्रा शांत राहील. सल्ला वाईट नाही. गाईगुरांना बासरीने मोहून टाकणाऱ्या कृष्णाच्या कथांवर वाढलेल्या आपल्या मनाला तो चटकन पटतोही. प्रश्न एवढाच, की त्यावर किती भिस्त ठेवावी?

संगीताचा परिणाम होतो, याला प्रयोगांचा आधार आहे. २००२ साली बेलफास्ट येथे डेबोरा वेल्स आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी निवारागृहातील कुत्र्यांना निरनिराळे संगीत ऐकवले. पाश्चात्त्य अभिजात संगीत चालू असताना ते अधिक वेळ विसावले. हेवी मेटलने त्यांचे भुंकणे वाढले. पण ग्लासगो येथील २०१५च्या अभ्यासात असेही दिसले, की तेच संगीत रोज ऐकवल्यास काही दिवसांतच त्याचा प्रभाव ओसरतो. त्याच वर्षी प्रसिद्ध झालेल्या दुसऱ्या एका प्रयोगात, माणसांच्या संगीतापेक्षा खास मांजरांच्या स्वरपट्टीत आणि त्यांच्या घुरघुरण्याच्या लयीत रचलेल्या संगीताकडे मांजरे अधिक ओढली गेली.

आपल्याला जे शांतवते ते त्यांना शांतवीलच, असे म्हणूनच नाही. माणसाचा कान साधारणतः २०,००० हर्ट्‌झपर्यंत ऐकतो, कुत्र्याचा ४५,०००च्या आसपास. संगीत हा फार तर एक पडदा आहे. तो आवाजाच्या आकस्मिकपणाची धार थोडी बोथट करतो. सुतळी बॉम्ब त्याने अडत नाही. आणि बॉम्ब बुडवण्यासाठी स्पीकरच मोठा केला, तर गोंगाटात आणखी एका गोंगाटाची भर पडते. संगीत लावायचेच तर मंद लावावे, निवांत वेळी आधीपासून त्याची ओळख करून द्यावी, लपण्यासाठी आतला कोपरा मोकळा ठेवावा. भीती अनावर असेल तर पशुवैद्याकडे जावे.

या उपायात आपल्या सोयीचाही मोठा वाटा आहे. आत कुत्र्यासाठी बासरी लावायची आणि बाहेर अंगणात माळ पेटवायची, यात करुणा कमी, पापक्षालन अधिक. शिवाय रस्त्यावरच्या कुत्र्याला, गोठ्यातल्या गाईला बासरी कोण ऐकवणार? २०००च्या ध्वनिप्रदूषण नियमांनी निवासी भागासाठी दिवसा ५५ आणि रात्री ४५ डेसिबलची मर्यादा घातली. ती माणसाच्या कानासाठी आहे, आणि सणासुदीला आपण तीही पाळत नाही.

पोळ्याला बैल पूजणारे आणि दुसऱ्या दिवशी, तान्ह्या पोळ्याला, लेकरांच्या हाती लाकडी बैल देणारे हे शहर. त्याच दिवशी इथे मारबत निघते आणि गावची रोगराई, इडापिडा घेऊन जाण्याचे साकडे तिला घातले जाते. त्या यादीत आपला गोंगाटही घालायला हवा. मुक्या जिवांना आपल्याकडून संगीताआधी हवी आहे ती शांतता.